बडकी पोखरचं दुसरं लग्न

कनकपुऱ्यात ज्याचं कुणाशी वाकडं नाही असं घर शोधायला निघालात, तर दिवसभर फिरून तंगड्या मोडून घ्याल. पण वैर धरावं कसं, मुरवावं कसं आणि बरोबर आंबट झाल्यावरच बरणीचं झाकण उघडावं कसं, हे शिकायचं असेल तर मल्लाह टोलीत, म्हणजे कोळ्यांच्या वस्तीत, जिबछीकडेच जायला हवं.

जिबछी म्हणजे फुदन मुखियाची बायको. उंची चार फूट आठ इंच, डोक्यावर माशांची टोपली ठेवली की पाच फूट दोन. पुढचा एक दात पडलेला, त्यामुळे शिवी देताना हवा सुटते. पण शिवी पोचायची तिथे पोचतेच. कमला नदीच्या बंधाऱ्यावरून ती “रोहू घ्या, कतला घ्या” ओरडली की बाभन टोलीतली मांजरं जागची उठतात. गावातल्या प्रत्येक परसदारी तिचा वावर. कुणाच्या सुनेला दिवस गेलेत, कुणाच्या सासूला सुनेचं खाल्लेलं बघवत नाही, कोण एकादशीच्या दिवशी पदराआड मासा नेतं, हे सगळं टोपलीत माशांखाली घालून ती फिरवायची. आणि विसरायची काहीच नाही. एकोणीस वर्षांपूर्वी मास्तरांच्या बायकोने शिळा म्हणून परत केलेला मासा ताजा होता, हे ती अजून दर छठपूजेला मास्तरीणबाईंना ऐकवते. नुसत्या एका माशासाठी एवढं. मग नवऱ्यासाठी किती असेल, याचा हिशोब हेमकांत बाबूंनी वेळीच करायला हवा होता.

झालं होतं असं. त्या वर्षी बडकी पोखरच्या मासेमारीचा लिलाव निघाला. बडकी पोखर म्हणजे गावातलं सगळ्यात थोरलं तळं. सोळा बिघे पाणी, मधोमध एक जाठ. जाठ म्हणजे साखूच्या लाकडाचा उंच खांब. आपल्याकडे तळं खणलं की त्याचं लग्न लावायचं असतं; मंत्र म्हणून, मधोमध जाठ रोवून, “हे पाणी मी सगळ्या जीवांना दिलं” असं खणणाऱ्याने म्हणायचं असतं. लग्न लागलेल्या तळ्याचंच पाणी शुभकार्याला चालतं. बिनलग्नाच्या तळ्यात म्हशी धुवाव्यात.

तर ब्लॉक ऑफिसच्या आवारात आंब्याखाली टेबल टाकून साहेबांनी लिलाव पुकारला. मच्छीमार सोसायटीतर्फे फुदनने बोली लावली आणि तीन वर्षांचा हक्क त्याच्या हाती आला. कागद मिळाला, कागदावर शिक्का मिळाला. चौथ्या दिवशी सकाळी टोलीतल्या सहा घरांचं महाजाल पाण्यात पडलं. दोन हिवाळे खपून विणलेलं जाळं ते. अठरा जण ओढत होते, फुदन पुढे छातीभर पाण्यात, मासे असे उसळत होते की काठावरच्या पोरीबाळी किंचाळत होत्या. जाळं काठाला लागलं आणि काठावर हेमकांत बाबू चौधरी उभे. पांढरं धोतर, हातात कोर्टाची स्थगिती, मागे नऊ माणसं.

“तळं माझ्या आजोबांनी खणलं, माझ्या जमिनीत खणलं,” बाबू म्हणाले. “सरकार कोण लिलाव करणारं? उद्या माझ्या चुलीचा लिलाव कराल!”

“बाबू, कागद आहे आमच्याजवळ,” फुदन म्हणाला.

“कागद माझ्याजवळही आहे. आणि माझा ताजा आहे, तुझ्या माशांपेक्षा.”

मग त्या नऊ माणसांनी विळ्यांनी महाजाल कापलं. भाजी चिरावी तसं. मासे परत पाण्यात गेले, काही चिखलात तडफडून मेले, आणि बाबूंनी वर फुदनवरच मासेचोरीची फिर्याद ठोकली. अकरा दिवस फुदन तुरुंगात. सुटून आला तो सरळ अंगणात बसला, बांबूच्या कामट्या घेतल्या आणि टोपल्या विणू लागला. “आता पाण्यात उतरायचं नाही,” एवढंच म्हणाला. लोकांना वाटलं, चार दिवसांचा राग. चार महिने गेले, चार वर्षं गेली. मल्लाहाचा मुलगा घोट्यापर्यंतसुद्धा पाण्यात गेला नाही. अंघोळसुद्धा हातपंपावर.

जिबछी रडली नाही. ज्या दिवशी नवरा सुटून आला त्याच संध्याकाळी टोपली घेऊन ती हेमकांत बाबूंच्या परसात मासे विकायला हजर! टोलीतल्या बायकांनी तोंडात बोटं घातली.

“अगं लाज नाही वाटत? ज्यांनी नवऱ्याला बेड्या घातल्या त्यांच्या दारात?” तिची जाऊ म्हणाली.

“घर नीट पाहिल्याशिवाय भोक कुठे पाडायचं ते कसं कळेल?” जिबछी म्हणाली, आणि मांगूरचे वाटे लावू लागली.

ते भोक शोधायला तिला चौदा वर्षं लागली.

कारण कोर्टाचं काम म्हणजे जलपर्णी, जितकी उपटावी तितकी पसरते. दर तीन वर्षांनी लिलावाची नोटीस निघायची, चौकीदार डफली वाजवून गावभर पुकारायचा, आणि लिलावाच्या आदल्या दिवशी हेमकांत बाबू स्थगिती घेऊन यायचे. मालकीचा मूळ दावा तालुक्याच्या कोर्टात लोळत पडलेला. सर्व्हेच्या जुन्या कागदात ज्या ओळीत तळं कुणाचं ते लिहिलेलं होतं, नेमकी तीच ओळ वाळवीने खाल्लेली. वाळवीलासुद्धा चव कळते! मधल्या काळात मासे बाबू खात होते, बाबूंचे पाहुणे खात होते, बाबूंच्या मुलीच्या सासरी टोपल्या भरभरून जात होते.

सोसायटीचे वकील दुखमोचन लाल. नाव असं, पण तोंड कायम सुतकी. चौदा वर्षांत त्यांचे केस गेले, दोन मुंशी गेले, जिबछी मात्र प्रत्येक तारखेला हजर. वकिलांच्या टेबलाखाली पानात गुंडाळलेली एक सिंगी मासळी ठेवायची आणि बाकावर बसून सगळं ऐकायची. अक्षर वाचता येत नव्हतं. पण कुठल्या तारखेला कोण काय बोललं ते तिला तोंडपाठ. वकीलसाहेबच कधी फाईल हरवली की विचारायचे, “काय गं, मागच्या वर्षी माघात ते काय म्हणाले होते?”

एका तारखेला बाबूंच्या वकिलाने लेखी जबाब दिला. दुखमोचन लालांनी तो बाहेर चहाच्या टपरीवर तिला वाचून दाखवला. त्यात लिहिलं होतं, तळ्याचं लग्न वगैरे कधी झालंच नाही. तळं चौधरी घराण्याचं खासगी आहे. आणि मधोमध जो खांब आहे तो जाठ नव्हेच. ती पाण्याची खोली मोजायची काठी आहे.

“काठी?” जिबछी म्हणाली.

“काठी. आणि यातच सगळी गोम आहे, जिबछी. लग्न झालं असेल तर आजोबांनी तळं लोकांना देऊन टाकलं. मग ते खासगी राहत नाही, लिलाव रास्त ठरतो. पण सिद्ध कसं करणार? लग्न पाहिलेला एक माणूस जिवंत नाही. आपण वीस साक्षीदार आणू, ते चाळीस आणतील. तळं काही स्वतः येऊन बोलणार नाही.”

जिबछीने चहा बशीत ओतला, फुंकर मारली.

“मग परत लावू लग्न.”

वकील हसले. चौदा वर्षांत पहिल्यांदा हसले म्हणे. जिबछी हसली नाही. तिला भोक सापडलं होतं.

त्यानंतर पंधरा दिवसांत बडकी पोखरचा जाठ आडवा झाला. आता पूर आला नव्हता, वादळ आलं नव्हतं, चैताचा महिना, पान हलत नव्हतं. जिबछीचे दोन दीर मात्र त्या पहाटे ओल्या लुंग्या वाळत घालताना दिसले. जुना खांब, कुजला होता, पडला. आपण कशाला कुणाचं नाव घ्यावं!

फुदनला मात्र कळलं. तो कामटी सोलता सोलता, नेहमीसारखी लेकीच्या नावाने हाक मारत म्हणाला, “सुगियाची माय, जाठाला हात लावायचा नसतो. पाप लागतं.”

“काठीला हात लावलाय,” जिबछी म्हणाली. “बाबूंनी कोर्टात लिहून दिलंय, काठी आहे. पाप लागायचं तर त्यांना लागेल.”

फुदन परत कामटी सोलू लागला. पण त्या दिवशी तो जेवला नाही, हेही खरं.

पुढचं सगळं काम टोपलीने केलं. हेमकांत बाबूंच्या नातवाची मुंज आषाढात ठरली होती, आणि आपल्याकडे बाभनांच्या कार्यातही मासा लागतोच. मालकीणबाई परसात मासे निवडत बसल्या होत्या. बाई मनाने वाईट नाही. फक्त नाक जरा वर, आणि ते नाक दिगंबर बाबूंच्या वाड्याच्या दिशेने जास्तच वर. दिगंबर बाबू म्हणजे हेमकांतांचे चुलतभाऊ. दोन्ही घरांचं अन्न वेगळं, विहीर वेगळी, हेवा मात्र एकच.

“जिबछी, मुंजीला मण-सव्वामण रोहू लागेल हो,” मालकीण म्हणाल्या.

“मिळेल की, मालकीण. पण पाणी कुठून आणणार?”

“कसलं पाणी?”

“मुंजीचं. बायका गाणी म्हणत तळ्यावर जातात, तिथलं. मी मेली अडाणी, पण लग्न झालेल्या तळ्याचंच लागतं म्हणतात.”

“मग? बडकी पोखर नाही का दारात?”

“आहे ना! कुठे पळून जातेय?” जिबछीने एक रोहू उलटा करून कल्ला दाखवला. “पण बाबूंनीच कोर्टात लिहून दिलंय, तिचं लग्न झालेलं नाही म्हणून. जाठ नव्हे, काठी आहे म्हणे. मी नाही हो म्हणत, वकील वाचत होता. आता तर ती काठीही पडली. कुमारी पोखर, आणि तिच्या पाण्याने मुंज...” तिने जीभ चावली. “जाऊ दे. हलक्या तोंडची मी. दिगंबर बाबूंच्या तळ्यावरून आणा ना. त्यांच्या तळ्याचं लग्न झालेलं आहे, वाजत गाजत. त्या बाई नाही कशाला म्हणतील? उलट खूश होतील.”

मालकीणबाईंच्या हातातला मासा टोपलीत परत पडला.

तीच गोष्ट त्या दिवशी जिबछीने आणखी बावीस परसांत विकली, मासा घेतला त्याला आणि नाही घेतला त्यालाही. संध्याकाळपर्यंत गावात दुसरा विषय नव्हता. दिगंबर बाबूंच्या बायकोने तर खास निरोप धाडला, “जाऊबाईंना सांगा, पाणी लागलं तर आमच्याकडून न्या, संकोच नको. आमच्या सासऱ्यांनी रीतसर लग्न लावलंय.”

त्या रात्री चौधरींच्या घरात काय झालं ते सांगायला तिथे कुणी नव्हतं, पण स्वयंपाकीण सांगते की बाबूंच्या ताटात वरण आलं, भात आला नाही. “कोर्टात आजोबांचं पुण्य विकून आलात,” असं मालकीण म्हणाल्या म्हणे. “नातवाची मुंज आता जावेच्या पाण्याने करा!”

आणि हेमकांत बाबूंनी तीच चूक केली जी आपल्या मुलखातला मोठा माणूसच करू शकतो. कोर्टाने सांगितलं असतं तर ऐकलं नसतं, वकिलाने सांगितलं असतं तर ऐकलं नसतं. गाव नावं ठेवतंय म्हटल्यावर मात्र पेटले. नऊ दिवसांचा यज्ञ करायचा. नवा जाठ, बावन्न हाती. वर पितळी कळस. अकरा गावांना चूडा-दही, म्हणजे दही-पोह्यांची पंगत. दिगंबरच्या बापाने हत्ती एक आणला होता ना, आपण दोन आणू! वकिलाला विचारायचं कुणाच्या मनातसुद्धा आलं नाही. लग्नकार्यात वकिलाचं काय काम?

पण जाठ रोवायचा तर मल्लाह हवेत. भर तळ्यात बुडी मारून खांब बसवणं हे बाभनाचं काम नाही, ते आजोबांच्या वेळीही मल्लाहांनीच केलं होतं. बाबूंचा कारभारी टोलीत आला तेव्हा सगळी टोली काठ्या घेऊन उभी राहिली.

“महाजाल कापलं तेव्हा आमची आठवण नाही झाली?” एक जण ओरडला.

जिबछी मधे आली. “जाऊ आपण,” ती म्हणाली. “धर्माचं काम आहे. फक्त एक मागणं आहे, कारभारीबाबू. अकरा गावांना छापील कार्डं वाटताय. आम्हालाही द्या. टोलीच्या नावाने, हळद लावून, खाली बाबूंची सही करून. आम्ही काय कुत्रे-मांजरं आहोत, हाक मारली की यायला?”

कारभारी हसला. “तुला वाचता येतं का गं कार्ड?”

“वाचायला कुणाला पाहिजे? देवापुढे ठेवीन.”

कार्ड आलं. हळद लावलेलं, सही केलेलं. टोलीतल्या माणसांना त्या कार्डामागचा डाव कळलाच नाही. दुसऱ्या दिवसापासून जिबछीशी कुणी धड बोलेना. “फुटली,” म्हणाले. “साडी-चोळीवर विकली गेली.” जावेने तर पाणवठ्यावर तोंडावर सांगितलं, “तुझ्या नवऱ्यापेक्षा आमच्या नवऱ्यांना जास्त लाज आहे!” जिबछीने ऐकून घेतलं. जिबछीने ऐकून घेतलं, यावरूनच खरं तर लोकांना संशय यायला हवा होता.

लग्न मात्र झालं दणक्यात. हत्ती दोनच, पण एकाने मांडवाचा खांब उपटला त्यामुळे चारचा गोंधळ झाला. बुच्ची पंडितांनी मंत्र म्हटले. हेमकांत बाबू कमरेएवढ्या पाण्यात उभे राहिले, हातात कुश, तीळ आणि पाणी घेऊन संकल्प सोडला. सात सवाष्णींनी जाठाला सिंदूर लावला. मल्लाहांनी बावन्न हाती खांब पोहत नेऊन रोवला आणि वर आले तेव्हा अकरा गावांनी जयजयकार केला. बायकांच्या गाण्यात सगळ्यात मोठा आवाज कुणाचा होता? जिबछीचा. दात नसल्यामुळे सूर सुटत होता, पण काय हौस! आपल्या लेकीच्या लग्नातही ती एवढी गायली नव्हती.

पंगतीला बाबूंचे वकीलही आले होते, मधुबनीहून. दह्यात चूडा कालवता कालवता त्यांनी शेजारच्याकडचं कार्ड उचललं. वाचलं. पुन्हा वाचलं. मग जो ठसका लागला, तो दोघांनी पाठीत बुक्क्या मारल्या तरी थांबेना.

तारीख लागली कातिकात. त्या दिवशी कनकपुऱ्यात चुली पेटल्या नाहीत, सगळं गाव कोर्टात. दिगंबर बाबू पहिल्या बाकावर, पान लावून. त्यांच्या शेजारी बुच्ची पंडित, नवं उपरणं घेऊन, ते बाबूंनीच दिलेलं. जिबछी मागे भिंतीला टेकून उभी. फुदन आला नव्हता.

हेमकांत बाबू पिंजऱ्यात चढले. दुखमोचन लाल उठले, त्याच सुतकी तोंडाने.

“चौधरीजी, तळ्यातला खांब कसला?”

“पाणी मोजायचा.”

“पाणी मोजायच्या खांबाला सिंदूर का लावला?”

“बायका काय, उंबऱ्यालाही लावतात.”

लोक हसले. बाबूंना जरा धीर आला.

“आणि नऊ दिवस हवन?”

“पाऊस चांगला पडावा म्हणून.”

“हत्ती?”

“ते... लोकांना बघायला.”

“बरं. हे कार्ड आपलं?” वकिलांनी हळदीने पिवळं झालेलं कार्ड वर धरलं. “सही आपली?”

“सही माझी. मजकूर छापखान्यातला.”

“छापखान्यातला मजकूर वाचतो. ‘आमचे पूज्य पितामह यांनी सर्व जीवांच्या कल्याणार्थ उत्सर्ग केलेल्या बडकी पोखरचा जीर्ण जाठ बदलून त्यांचा संकल्प आम्ही पुन्हा दृढ करीत आहोत.’ यात पाणी मोजायची काठी कुठे आहे, चौधरीजी?”

बाबू आपल्या वकिलाकडे बघू लागले.

“आता एकच विचारतो. कमरेएवढ्या पाण्यात उभं राहून, ‘हे पाणी मी सगळ्या जीवांना दिलं’ असं तुम्ही म्हणालात की नाही? हो की नाही?”

हो म्हणावं तर तळं जातं. नाही म्हणावं तर आजोबांचं पुण्य जातं, आपलं जातं, नातवाची मुंज पाण्यात जाते, आणि समोर दिगंबर पान चघळत बसलाय. चौदा वर्षं जिबछीने ज्याची वाट पाहिली ते हेच होतं. तिला नुसता निकाल नको होता. त्या माणसाला तिथे उभं बघायचं होतं, दोन्ही बाजूंनी पाणी चढताना.

बाबूंनी घाम पुसला आणि मधली वाट काढली.

“मंत्र पंडितांनी म्हटले. मी नुसते ओठ हलवले.”

“नुसते ओठ!” बुच्ची पंडित ताडकन उभे राहिले. “अहो बाबू, मी तीनदा म्हणवून घेतलं तुमच्याकडून! तिसऱ्यांदा तर तुम्ही एवढ्या मोठ्याने म्हणालात की हत्ती बिचकला! नुसते ओठ असतील तर मग नातवाची मुंजही नुसत्या ओठांचीच झाली!”

“खाली बसा, पंडितजी,” न्यायाधीश म्हणाले. मग जरा फाईल तोंडापुढे धरून थांबले आणि म्हणाले, “नाही, बसू नका. इकडे या. तुमची साक्ष घेऊ.”

पिंजऱ्यातून उतरताना बाबूंचं धोतर खिळ्याला अडकलं. सोडवायला कुणी पुढे झालं नाही. दिगंबर बाबू मात्र म्हणाले, “सांभाळून दादा. तेवढंच राहिलंय.”

जिबछी बघत होती. डोळ्याची पापणीही न हलवता बघत होती, सणाचं पक्वान्न जिभेवर धरून ठेवावं तशी.

दोन महिन्यांनी निकाल आला. तळं लोकांसाठी सोडलेलं आहे, आजोबांनीही आणि आता खुद्द बाबूंनीही, लिलाव रास्त. वरच्या कोर्टात जायची वाट होती, पण तिथेही पहिल्यांदा हेच सांगावं लागलं असतं की नऊ दिवसांचा यज्ञ खोटा होता. मालकीणबाईंनी सांगितलं, जायचं तर जा, परत या घरात येऊ नका.

लिलाव झाला. आंबा तोच, टेबल नवं. सोसायटीतर्फे बोली जिबछीने लावली, एवढ्या मोठ्याने की साहेब म्हणाले, “बाई, मी इथेच बसलोय.” टोलीने तिला खांद्यावर घेतलं, जाऊ रडली, पाया पडली. जिबछीने पाय मागे घेतले नाहीत. पाणवठ्यावरचं बोलणं ती विसरली होती असं कुणी समजू नये.

माघात पहिलं जाळं पडलं. फुदन पाण्यात उतरला नाहीच. काठावर आला, उकिडवा बसला, कुणाचा दोर ढिला आहे ते बोटाने दाखवत राहिला, एवढंच. मासे निघाले, ते किती हे सांगून उगाच दृष्ट कशाला लावा!

जिबछी काठावर विळी मांडून बसली होती. तेवढ्यात बाबूंचा गडी आला.

“जावईबाबू आलेत. मालकिणीने सांगितलंय, बडकी पोखरचा मोठा रोहू पाहिजे. अख्खा, मुंडक्यासकट.”

जावयाच्या ताटात रोहूचं मुंडकं नसेल तर आपल्याकडे सासऱ्याने तोंड कुठे दाखवावं? बाजारातला मासा चालला असता. पण जावयाला दहा वर्षं ‘आमच्या पोखरचा’ म्हणून खाऊ घातलेला.

“बाबूंना पाठव,” जिबछी म्हणाली. “गड्याला देत नाही.”

गडी गेला, परत आला. “बाबू म्हणतात, जास्त पैसे घे.”

“बाबूंना पाठव.”

तासाभराने हेमकांत बाबू आले. चौदा वर्षांपूर्वी जिथे उभे होते तिथेच काठावर, फक्त मागे माणसं नव्हती. आता बाबू वाकले होते, चष्मा लागला होता. टोलीतल्या माणसांनी दोर धरून ठेवले.

“दे गं जिबछी,” बाबू म्हणाले. “घरी जावई आहे.”

“देते की, बाबू. बसा ना.” बसायला तिथे चिखलच होता.

तिने ढिगातला सगळ्यात मोठा रोहू उचलला. पाच-सहा किलोचा असेल, शेपूट हलत होती. बाबूंनी हात पुढे केला. जिबछीने मासा विळीवर धरला, बाबूंच्या डोळ्यांत बघितलं आणि एका झटक्यात मुंडकं वेगळं केलं.

“हे सुगियाच्या बापाचं,” ती म्हणाली, आणि मुंडकं शेजारच्या केळीच्या पानावर ठेवलं. “आमच्या घरात मान त्याचा. राहिलेला जावयाला न्या. ताजा आहे.”

कुणी हसलं नाही. फुदन उठला. “दे मुंडकं,” तो हळूच म्हणाला. “पोराचा काय दोष? तो काय जाळं कापायला आला होता?”

“मी त्याच्या ताटातलं काढून घेतलं नाही. त्याच्या सासऱ्याने चौदा वर्षं तुझ्या ताटातलं नेलं, ते परत ठेवलंय.”

बाबू दोन्ही हातांत बिनमुंडक्याचा मासा घेऊन उभे. टाकावा तर घरी जावई बसलेला, न्यावा तर भर गावातून न्यायचा. आणि वाट दिगंबर बाबूंच्या ओसरीवरून. शेवटी निघाले. रक्त धोतरावर ठिबकत होतं. बंधाऱ्याच्या वळणापर्यंत जिबछी त्यांच्याकडे बघत राहिली. मधे दोन गिऱ्हाइकं आली, त्यांना तिने उभंच ठेवलं.

दुपारी तिने मोहरी वाटून मुंडक्याचं कालवण केलं आणि फुदनपुढे ठेवलं. त्याने ताट एकदा बाजूला सरकवलं, परत पुढे ओढलं. मग त्याने कल्ल्याजवळचं मऊ मांस बोटाने काढलं, भातात कालवलं, आणि खाल्लं. ती समोर बसून होती, पंखा हलवत.

“कसं झालंय?”

“मीठ कमी आहे,” फुदन म्हणाला.

“असू दे,” जिबछी म्हणाली. “खा.”